एका देवकाची माणसं

तेजलची सुपारी फुटली त्या दिवसापासून श्वेताच्या पोटात दुखायला लागलं. वरून ती पेढे वाटत होती, फोटो काढत होती, आणि आतून जळून खाक होत होती.

तेजल म्हणजे तिच्या लवूकाकांची मुलगी. चारकोपला एकाच जिन्यावर दोन्ही घरं. लहानपणापासून श्वेताने हौसेने काही आणावं आणि ते तेजलच्या अंगावर जास्त खुलून दिसावं, हे ठरलेलंच. ड्रेस झाले, कानातले झाले, आता देवव्रत. आणि या देवव्रतला घरात आणलं कुणी? श्वेतानेच. लेबलं छापण्याच्या कारखान्यात दोघं एकत्र कामाला. तो तिच्यासाठी शेअर रिक्षात जागा धरायचा, डब्यातली कोलंबी तिच्या झाकणात काढून ठेवायचा. तेवढ्यावर बाईंनी मनात अख्खा संसार मांडला. तोंडाने मात्र चकार शब्द नाही. एका रविवारी त्याला काकांकडे जेवायला बोलावलं, तेजलने वाढलं, आणि सगळं आटोपलं.

बरं, तेजलने चोरून काही केलं नव्हतं. तिने सरळ विचारलं होतं, "तुला कसा वाटतो गं तो?"

"चांगलाय," श्वेता म्हणाली होती. त्या एका शब्दासाठी ती आता स्वतःलाच शिव्या घालत होती.

लग्नाच्या तयारीसाठी देवव्रतची आई शेवंतीबाई काकांकडे आली. काका फोनवर हॉलवाल्याशी हुज्जत घालत होते, काकू ओट्यापाशी. शेवंतीबाई श्वेताशीच बोलत बसली. "आजकाल लोक देवकाक दादरसून आंब्याची पाना आणतत. आमका तां चलाचा नाय. आमचा देवक कळंब. हय खय गावतलो गो कळंब?"

श्वेताला एकदम आठवलं. शाळेत असताना गावी धाकट्या काकांच्या लग्नात वाजतगाजत एक फांदी आणून मांडवाच्या खांबाला बांधलेली तिने पाहिली होती. ती कळंबाचीच, म्हणजे कदंबाची होती. एक देवक म्हणजे एक कूळ. आडनावं वेगळी असली तरी मुलगा-मुलगी भाऊ-बहीण, लग्नाचं नाव काढायचं नाही. मुंबईत आंब्याच्या पानांवर भागवून भागवून काकांच्या घरात ही गोष्टच विसरली गेली होती. स्थळ बघताना आडनाव बघितलं, नोकरी बघितली, देवक विचारायचं राहून गेलं.

गप्प बसली असती तर कुणाला कळलंही नसतं. पण मत्सराला गप्प बसवत नाही. दोन्हीकडची माणसं याद्या करायला जमली तेव्हा तिने अगदी भोळ्या चेहऱ्याने विचारलं, "काका, आपलं देवक पण कळंबच ना?"

काकांनी कप खाली ठेवला. शेवंतीबाईने पदर तोंडाला लावला. काकांनी लगेच गावी फोन केला. तिथल्या म्हाताऱ्या चुलत्यांनी सांगितलं की होय, कळंबच.

"देवक एक म्हणजे भाव-भैण," काका म्हणाले. "वाट लागली."

तेजलने दोन दिवस अन्नाला हात लावला नाही. श्वेता तिच्यासाठी पेज घेऊन गेली, केसांवरून हात फिरवला, "रडू नको गं" म्हणाली. आणि जिना उतरताना तिला गाणं गुणगुणावंसं वाटलं. खोटं कशाला सांगा, इतका आनंद तिला पहिला पगार झाला तेव्हाही झाला नव्हता. कारखान्यात ती नवा कुर्ता घालून गेली. देवव्रत मान खाली घालून लेबलांचे रोल मोजत होता. आज ना उद्या हा वर बघेल, तेव्हा समोर आपणच असू, असा तिचा हिशेब. त्या हिशेबात काय राहिलंय, हे सांगणारं तिला कुणी भेटलं नाही.

रविवारी तेजलचे मामा, जयवंत, मानखुर्दहून आले. माणूस रोखठोक. "पोरगी मला द्या," ते म्हणाले. "मी ओटीत घेतो, कन्यादान मी करतो. माझ्या घरची झाली की माझं देवक तिचं. आमच्याकडे वडाची फांदी लागते. मग अडतंय कुठे?"

काकांनी पुन्हा गावी फोन लावला. चुलत्यांनी सांगितलं, असं पूर्वीही झालंय, चालतं.

लग्न जमलं. श्वेताने दार लावून घेतलं. तर संध्याकाळी शेवंतीबाई तिच्याच दारात, हातात साडी.

"श्वेता, करवली तू होवचा. माझ्या झिलाक सख्खी भैण नाय. मी म्हटला आता करवली खयसून आणू? मगे तूच सांगितलंस, तुमचा आमचा देवक एक. तेजल गेली मामाच्या कुळात. तू आसस ना हयच? तू त्येची भैणच झालंस."

तेजलसाठी खणलेल्या खड्ड्यातून तेजल वर आली होती. आत श्वेता एकटीच उभी होती, आणि तिला ओटीत घेणारा मामा कुठे होता?

"नको" म्हणायला कारण लागतं. जे कारण होतं ते आता बोलायची सोय नव्हती.

लग्नात ती हातात पाण्याचा करा घेऊन देवव्रतच्या मागे उभी राहिली. वरात देवव्रतच्या घरी आली तेव्हा बायकांनी तिला पुढे ढकललं. नवी नवरी आत यायच्या आधी नवऱ्याच्या बहिणीने दार अडवायचं, त्यांना पुढे होणारी मुलगी आपल्या मुलासाठी मागायची आणि मगच वाट द्यायची असते.

श्वेता उंबऱ्यावर आली आणि दोन्ही हात चौकटीला लावून उभी राहिली. समोर देवव्रत, शेजारी तेजल, मुंडावळ्या सुटू पाहत होत्या. आजवर तिला हेच करायचं होतं, या दोघांना या दारातून आत येऊ द्यायचं नव्हतं. आणि आज सगळं घर तिला हसत हसत तेच करायला सांगत होतं.

"बोल गं," मागून कुणीतरी म्हणालं.

"तुमची मुलगी माझ्या मुलाला द्याल?" तिचा आवाज तिलाच ऐकू आला नाही. पुन्हा म्हणावं लागलं.

"दिली, ताई," देवव्रत म्हणाला. आजवर तो तिला नुसतं श्वेता म्हणायचा.

तरी तिचे हात चौकटीवरून निघेनात. हसणं हळूहळू थांबलं. तेजलने तिच्याकडे पाहिलं आणि पाहतच राहिली. तिला काय ते कळलं असावं, कारण तिने मान खाली घातली.

"ताई, येऊ ना आत?" देवव्रतने विचारलं. त्याला काहीच कळलं नव्हतं.

श्वेताने हात काढले आणि दाराच्या कडेला सरकून दोघांना वाट दिली.