हॉबडेसाहेबांचा खोटा सुरा

मी एक जुना सुरा आहे मित्रांनो, आणि खोटा आहे. माझी धार बोथट, टोक तेवढं खरं. टेकवलं की मुठीतली स्प्रिंग दबते, पातं आत जातं आणि बघणाऱ्याला वाटतं, पोटात गेलं. लंडनच्या एका कारागिराने मला घडवलं आणि सिरिल हॉबडे नावाच्या नटाला दिलं.

साहेब नायक कधीच झाले नाहीत. सिनेमात, टीव्हीवर पन्नास वर्षं ते एक तर खून करत, नाहीतर त्यांचा खून होई. अमेरिकेत आले, तरी धंदा तोच. आम्ही राजांचे गळे चिरले, पाद्र्यांच्या पाठीत घुसलो, एका सावकाराला त्याच्या न्हाणीघरात सतरा वेळा भोसकलं. लोक रस्त्यात साहेबांचा चेहरा ओळखत, नाव कुणालाच आठवत नसे. मला राग यायचा, ते हसायचे.

त्यांचा एक नेम होता. प्रत्येक शॉटआधी मला स्वतःच्या मांडीवर तीनदा जोरात मारून बघायचे. म्हणूनच मला लागलं ते फक्त साखरेच्या पाकाचं रक्त. याचा मला फार गर्व होता.

म्हातारपणी ते अमेरिकेतल्याच पिस्कॅटवे गावी लेकीकडे राहायला आले. शेजारचे रवींद्रकाका मराठी मंडळाच्या नाटकांचं सामान सांभाळत. दसऱ्याच्या नाटकात खून होता, म्हणून साहेबांनी मला त्यांच्याकडे दिलं. "आधी स्वतःला मारा, मग दुसऱ्याला," ते म्हणाले. काकांना तो विनोद वाटला.

खंडेनवमीला काकांनी मला पाटावर ठेवलं. नाटकात खून करणारी हिमानी हसली, "काका, हा फेक आहे, ह्याची कसली पूजा?"

"अगं, शस्त्र ते शस्त्र. पन्नास वर्षं राबलाय तो!" असं म्हणून काकांनी मला हळदकुंकू लावलं, मूठभर अक्षता वाहिल्या. माझी पूजा पहिल्यांदाच होत होती. मी असा फुगलो, की मुठीच्या खाचेतून चार दाणे स्प्रिंगेत गेले तेही मला कळलं नाही.

प्रयोगाच्या दिवशी मला कुणी तपासलं नाही. हिमानीने सगळी ताकद लावून मला नाटकात मरणाऱ्या सुशांतच्या बरगडीखाली खुपसलं. स्प्रिंग दबलीच नाही. कातडी फाटली, मांस फाटलं, ऊन ऊन रक्त मुठीपर्यंत आलं. सुशांत आवाज न करता कोसळला. टाळ्यांचा कडकडाट झाला. "यार, काय ॲक्टिंग केली!" कुणीतरी ओरडलं. नाटकात वार दोन होते. हिमानीने हात पुन्हा उचलला.

पहिल्या रांगेत साहेब बसले होते. मराठीचा एक शब्द त्यांना कळत नव्हता, पण मरण कळत होतं. काठी टाकून ते उठले आणि इंग्रजीत गरजले, "स्टॉप! खोटा मरणारा ओरडतो. तो गप्प आहे!"

हिमानीचा हात हवेतच थांबला. सुशांत वाचला, अकरा टाके पडले. काका हॉस्पिटलात लहान मुलासारखे रडले.

साहेब त्याच हिवाळ्यात गेले, अंथरुणात. त्यांनीही आवाज केला नाही.

मित्रांनो, आता मी काकांच्या कपाटात आहे. मुठीच्या फटीतला तपकिरी डाग निघत नाही. मला ओवाळू नका, हार घालू नका. हातात घ्याल तेव्हा एवढंच करा, आधी तीनदा स्वतःच्या मांडीवर मारून बघा.