विमानातली खरेदी

"मग ह्या घेतला कुनी?" रावजी भातडेने कागदावरच्या ओळीवर बोट दाबून धरलं. "सोळा तारखेला विमानात बसून ह्या सामान घेतला कुनी, ता सांगा बाई."

नंदा शिरधनकर कागदाकडे बघत राहिली. रत्नागिरीच्या बँकेत परदेशातून येणाऱ्या पैशांचं टेबल तिच्याकडे होतं. मुलाची रक्कम आली का, हे विचारायला रावजी गेली काही वर्षं दर महिन्याला तिच्यापुढे येऊन बसायचा, त्यामुळे दोघांची चांगली ओळख होती. आता रक्कम येणार नव्हती. रावजीचा मुलगा लवू आखातातल्या एका बंदराच्या कामावर क्रेनचा मेकॅनिक होता. वैशाखात क्रेन दुरुस्त करताना तो वरून पडला आणि जागच्या जागी गेला. सोळा मेच्या विमानाने त्याची पेटी मुंबईला आली आणि तिथून जीपने चांदेराईला, घरी.

आता आषाढ लागला होता, आणि तिकडच्या बँकेचा लिफाफा घरच्या पत्त्यावर येऊन पडला होता. लवूला त्या बँकेने एक प्लास्टिकचं कार्ड दिलं होतं. दुकानात ते दाखवायचं, वस्तू घ्यायची आणि पैसे मागाहून पगारातून कापले जायचे. शिमग्याला आला तेव्हा त्याने ते बापाला दाखवलं होतं. रावजीने ते उलटंसुलटं करून बघितलं आणि म्हणाला होता, "म्हंजे उधारीचा पास." लिफाफ्यात त्या कार्डावरच्या खरेदीचं पत्रक होतं. एका ओळीत विमान कंपनीचं नाव, पुढे विमानातली विक्री आणि तारीख सोळा मे.

"काका, विमानात कधीकधी वस्तू विकतात," नंदा सावकाश म्हणाली. "अत्तर, पेन, असलं काही. त्याचे हे पैसे आहेत."

"ता कळला मला. माजा लवू त्या दिवशी पेटीत व्हता. पेटीतला मानूस अत्तर घेतो काय?"

"नाही हो. ही तारीख खरेदीची नाही. लवूने ते आधी कधीतरी घेतलं असणार. शिमग्यानंतर परत गेला ना, तेव्हा. वर आभाळात कार्डाचा छाप एका चिठ्ठीवर घेतात. ती चिठ्ठी विमान कंपनीच्या ऑफिसात जाते, तिथून त्यांच्या बँकेत, तिथून लवूच्या बँकेत. ज्या दिवशी पोचते ती तारीख पत्रकावर येते. मधे महिना, दोन महिनेसुद्धा जातात."

"बाई, मी एस्टीत तिकिटां फाडली, सगळी हयात," रावजी म्हणाला. "तिकीट फाडला की त्याच रात्री डेपोत हिशेब. आजचा तिकीट उद्याच्या वेबिलावर चढवला असता तर मला घरी बसवला असता. ही एवढी मोठी विमान कंपनी, आनि ती दोन महिने चिठ्ठी खिशात घालून फिरते?"

"अहो, टपालाचंच बघा. पत्र टाकतो एका दिवशी आणि..."

"शिक्का टाकतो त्याच दिवसाचा असतो," रावजी म्हणाला.

नंदाने पत्रक परत आपल्याकडे ओढलं. ती खरं सांगत होती आणि हरत होती. समोरच्या माणसाला आपलं म्हणणं पटायला नकोच आहे, हे तिच्या लक्षात आलं. शेवटी तिने मूळ चिठ्ठीची नक्कल मागवणारं पत्र तिकडच्या बँकेला लिहून दिलं. रावजीने त्याखाली सही केली आणि मनगटावरच्या घड्याळात बघून, गाडीची वेळ झाली म्हणून तो उठला.

ते घड्याळ नेहमी दीड तास मागे असायचं. लवू पडला तेव्हा ते त्याच्या हातात होतं, काचेला एक बारीक चीर गेलेली. कंपनीचा माणूस पेटीबरोबर आला, त्याने अंगावरच्या वस्तू म्हणून पासपोर्ट, पाकीट आणि हे घड्याळ वेगळ्या पिशवीत घालून दिलं होतं. घड्याळ तिकडच्या वेळेवर चालत होतं. रावजीने ते तसंच हातात घातलं आणि कुणालाही काटे पुढे करू दिले नाहीत. सगळी हयात ज्याने गाडी दोन मिनिटं उशिरा सुटली तरी ड्रायव्हरला फैलावर घेतलं, तो माणूस आता मनातल्या मनात दीड तास मिळवून स्टँडवर जायचा.

रावजीच्या कंडक्टरकीच्या गोष्टी चांदेराईच्या रस्त्यावर अजून सांगतात. सासऱ्याला त्याने फुकट बसू दिलं नाही, हे तर सगळ्यांनाच माहीत आहे. दुसरी गोष्ट तो स्वतः कधी सांगत नसे. एकदा गुहागरच्या बाजूला एक म्हातारी धावत्या गाडीतच गेली. तिच्या मुठीत हेदवीचं तिकीट होतं. ड्रायव्हर म्हणाला, मधल्या गावात पोलीस पाटलाच्या हवाली करू आणि सुटू. रावजी म्हणाला, तिकीट हेदवीचं आहे. बाकीचे उतारू उतरवून त्याने गाडी हेदवीपर्यंत नेली, तिच्या माणसांच्या हाती तिला सोपवलं आणि मगच घंटी मारली. याबद्दल त्याला नोटीस मिळाली. माणूस असा होता, कागदावर लिहिलेलं पुरं करणारा. म्हणून तर कागदावरची ती एक ओळ त्याच्या जिव्हारी लागली.

आणि खरं सांगायचं तर शंकेला जागा होतीच. घरापुढच्या खळ्यात पेटी उघडली तेव्हा आत सगळं पांढऱ्या कापडात शिवलेलं होतं. वरून पडलेला माणूस, चेहऱ्यावरचं कापड काढू नका, बघवणार नाही, असं कंपनीच्या माणसाने हात जोडून सांगितलं होतं. बापाने मुलाचं तोंड न बघताच अग्नी दिला. दहाव्याला कावळा पिंडाला शिवला नाही. तासन्‌तास वाट बघितली, लवूला आवडायचे म्हणून तळलेले बांगडे ठेवले, रावजीने सुनेचं नाव घेऊन हात जोडून "मालनला मी बगतो" म्हणून सांगितलं, तरी कावळा फांदीवरून हलला नाही. अखेर दर्भाचा कावळा करून शिववला. इच्छा राहिली असेल, असं लोक म्हणाले. तेव्हा रावजी गप्प बसला होता. पत्रक आल्यावर त्याने सगळं जुळवलं. कावळा शिवेल कशाला? पिंड ज्याच्या नावाचा, तो गेलाच नसेल तर? पेटीत दुसऱ्याच कुणाचं तरी पोर आलं असेल. नावांची अदलाबदल झाली असेल. लवू विमानात बसला असेल, मुंबईला उतरला असेल, कुठेतरी आजारी पडला असेल, काही आठवत नसेल. दुःखाने माणसाचं डोकं बंद पडतं म्हणतात, रावजीचं उलट जोरात चालायला लागलं.

बँकेतून तो घरी आला तेव्हा सून मालन पडवीत तांदूळ निवडत होती. लवूची आई कधीच गेलेली, मूलबाळ नाही. घरात आता ही दोघंच होती. रावजी महिनाभर नीट जेवत नव्हता. भाताचे दोन घास खायचा आणि ताट सारायचा. सदरा खांद्यावरून लोंबायला लागला होता.

"मालन," तो उभ्या उभ्याच म्हणाला, "कुंकू लाव."

तिचा हात सुपातच थांबला.

"काय म्हनता, आबा?"

"लवू हाय. मला म्हायती हाय. कागद हाय माज्याकडं." मग त्याने तिला सगळं सांगितलं, तारीख, विमान, तिकीट, वेबिल. सांगताना त्याचा आवाज कित्येक दिवसांनी जुन्यासारखा खणखणीत लागला होता. "नवरा जिता असताना बायकोनं कपाळ मोकळा ठेवू नये. लाव तू. गावाला काय सांगायचा ता मी सांगतो."

मालनने सूप बाजूला ठेवलं. मग उठून आत गेली. बाहेर आली तेव्हा तिच्या कपाळावर कुंकू होतं. त्या दिवशी रावजी दोनदा भात मागून जेवला.

गावाने काय केलं ते वेगळं सांगायला नको. विहिरीवर बायका हिच्याकडे बघून बोलायच्या थांबायच्या. ज्या बायांनी अंगणात तिचे हात धरून बांगड्या फोडल्या होत्या, त्यांतलीच सगुणा एकदा तोंडावर म्हणाली, "म्हातारा खुळा झाला, तू पन झालीस काय गो?" मालनने कळशी डोक्यावर घेतली आणि वाट धरली. तिच्या भावाने येऊन, माहेरी चल, हे काय चाललंय, म्हणून आरडाओरडा केला. त्यालाही तिने चहा करून दिला आणि परत पाठवलं. रोज सकाळी ती कुंकू लावत होती आणि रावजी रोज पोटभर जेवत होता.

श्रावण संपता संपता नंदाने निरोप पाठवला. तिकडून उत्तर आलं होतं.

रावजी धुतलेला सदरा घालून गेला. नंदाने त्याला बसायला सांगितलं, पाणी मागवलं आणि मग कागद त्याच्यापुढे केला. चिठ्ठीची नक्कल होती, काळपट, अर्धवट उमटलेली. वर कार्डाच्या अक्षरांचा छाप, खाली सही.

सही मराठीत होती. ल. रा. भातडे. 'भ'चा काना लवू लहानपणापासून ओळ सोडून खाली ओढायचा. त्यासाठी मास्तरांचा मार खाल्ला होता, बापाचाही खाल्ला होता.

"माज्या लवूचीच सही," रावजी म्हणाला. क्षणभर त्याचा चेहरा उजळला. "मी सांगत नव्हतो तुमाला?"

"काका, वरची तारीख बघा," नंदा हळू आवाजात म्हणाली. "शिमगा झाल्यावरची आहे. तो परत निघाला त्या दिवसाची."

रावजीने तारखेवरून नजर फिरवली आणि उचलली. "कुनीपन घालंल तारीख. मशीनची चूक."

नंदाला आता बोलायचं नव्हतं, पण काहीतरी बोलायला हवं म्हणून तिने पुढची ओळ वाचली. "पुरुषांचं मनगटी घड्याळ, एक. घड्याळ घेतलं होतं त्याने. सामानात आलं का हो ते तुमच्याकडे?"

रावजीने चिठ्ठी परत जवळ ओढली.

शिमग्याला आलेल्या लवूच्या घड्याळाचा पट्टा तुटलेला होता. वेळ विचारली की तो ते खिशातून काढायचा. पालखी घरी येणार होती त्या दिवशी रावजी सगळ्यांसमोर त्याला बोलला होता, "कंडक्टरचा पोर तू, आनि घड्याळ खिशात? लाज वाटाया व्हयी." लवू हसला होता. "घेतो, आबा. ह्या येळी जाताना पैला काम तेवढाच." आणि त्याने खरंच तेच पहिलं काम केलं. तिकडे उतरेपर्यंतसुद्धा थांबला नाही.

रावजीने सदऱ्याची बाही वर सारली आणि हात टेबलावर ठेवला. काचेवरची चीर वरच्या दिव्यात चमकली. नंदाने घड्याळाकडे बघितलं, चिठ्ठीकडे बघितलं आणि तोंडावर हात ठेवला.

"ह्या त्याच्या हातातनं काढून आनलानी," रावजी म्हणाला. "पडला तेव्हा हातात व्हता." मग काचेवर बोट ठेवून म्हणाला, "म्हंजे तोच व्हता, बाई. पेटीत तोच व्हता."

जे विमानात विकत घेतलं, ते लवू मरायच्या आधीपासून त्याच्या मनगटावर होतं आणि आता तीन महिने बापाच्या मनगटावर होतं. घड्याळ घातलेला हात पुढे करूनच तो लोकांना विचारत फिरला होता, विमानात हे घेतलं कुणी म्हणून. एवढं साधं त्याला दिसलं नव्हतं, कारण ते त्याला दिसायला नको होतं. नंदाने नक्कल घडी करून त्याला दिली. त्याने ती खिशात ठेवली आणि नमस्कार करून तो बाहेर पडला.

चांदेराईच्या गाडीत कंडक्टर त्याच्या हाताखाली तयार झालेला होता. "रावजी, बसा पुढं," तो म्हणाला. रावजी मागच्या बाकावर जाऊन बसला. सगळ्या रस्त्यात त्याच्या डोक्यात लवू नव्हता, मालन होती. पहिल्या वेळी तिचं कुंकू गावाने पुसलं होतं. आता ते आपल्यामुळे परत पुसलं जाणार, आणि हे तिला सांगायचंही आपणच. असं पाप कुठल्या बापाने केलं नसेल, असं त्याला वाटत राहिलं.

घरी पोचला तेव्हा दिवेलागण झाली होती. मालन पडवीत कंदिलाची काच पुसत होती. कपाळावर कुंकू ठसठशीत होतं. तिने त्याला पाणी दिलं आणि काही न विचारता उभी राहिली.

रावजी पाणी प्यायला. तो भिंतीवरच्या घड्याळासमोर गेला, मनगटावरचं घड्याळ काढलं, त्याची किल्ली ओढली आणि काटे फिरवायला लागला. दीड तास पुढे येईपर्यंत त्याला बराच वेळ लागला.

मालन बघत होती. त्याने किल्ली आत दाबली तेव्हा ती म्हणाली, "ऱ्हाऊ द्या, आबा. मला ठावक व्हता."

तो वळला.

"खळ्यात पेटी उघडली तेव्हा तुमी तोंडाकडं बगीत व्हता. मी पायाकडं व्हते. कापड जरा उसवला व्हता. अंगठ्यावरचा कोयती लागल्याचा वन मी बगितला." तिने काच बसवून कंदील लावला. "त्यांचाच पाय. चार वर्सां तेल लावलाय त्या पायाला मी."

"मग तू... कुंकू कशाला लावलास गो?"

"तुमी जेवत नव्हता."

रावजी खाली बसला. मुलाच्या चितेपुढेही तो रडला नव्हता. आता दोन्ही हातांत तोंड धरून तो मोठ्याने रडला. मालन त्याच्यापासून थोडी दूर, जमिनीवर बसून राहिली. त्याचं रडणं ओसरल्यावर तिने पदराचं टोक ओलं केलं, कपाळ पुसलं, परत एकदा पुसलं आणि आत गेली.

आतून ताटं मांडल्याचा आवाज आला.

"आज नको, मालन," रावजी म्हणाला.

ती दारात आली. कंदिलाच्या उजेडात तिचं कपाळ ओलं दिसत होतं.

"जेवा, आबा," ती म्हणाली. "आता मी दुसरा काय करू?"

रावजी उठला. हात धुतले आणि पाटावर जाऊन बसला.