उष्ट्या सालींचा मुरांबा

वैशाखातल्या भर दुपारी चुन्याच्या निवळीला एक वास येतो. नुकत्याच पांढऱ्या केलेल्या भिंतीचा, ओल्या शिंपल्याचा, आणि त्याखाली दबलेल्या, सडू पाहणाऱ्या गोडव्याचा. तो वास म्हणजे आमच्या अक्का. लोकांच्या सासवा चंदनाच्या, कापराच्या, फार तर तपकिरीच्या वासाने आठवतात. माझी सासू आठवते ती टरबुजाच्या सालींनी भरलेल्या घमेल्यावर वाकलेली, कोपरापर्यंत ओघळून वाळलेला तांबूस चिकट रस आणि मस्तकाभोवती चिलटांचे फिरते प्रभामंडल. देवीमागचे तेजोवलय निदान जागेवर तरी राहते. अक्कांचे वलय ओसरीवरून त्यांच्यामागोमाग स्वयंपाकघरात यायचे.

गिरणा नदीच्या वाळूत तेव्हा टरबुजांच्या वाड्या असत, आणि त्या वाळूतले टरबूज म्हणजे हत्तीच्या कातड्याचे. आत मुठीएवढा लाल उत्सव आणि भोवती बोटभर जाड पांढरे वैराग्य. संध्याकाळी ओट्यावर सारे घर फाका खाई, तोंडे पुसत उठे, आणि मग या बाई त्या उष्ट्या, लाळेने चकाकणाऱ्या साली अशा निगुतीने वेचत की जणू पारिजातकाचा सडा पडला आहे. प्रत्येक सालीवर दातांची ओळ उमटलेली. अक्का ती साल मावळतीच्या उजेडाकडे धरीत, डोळे बारीक करीत आणि ओळखीत. माझ्या सासऱ्यांचा, नानांचा, पुढचा एक दात पडलेला होता. त्यांच्या सालीवर दोन सऱ्यांमधला बांध राहावा तसा लाल गराचा एक उंचवटा राहून जाई. “हाई नानानी शे,” अक्का पुटपुटत, आणि ती साल पदराने पुसून वेगळी ठेवीत. मला ते बघवत नसे.

मला म्हणजे कुणाला, तेही सांगून टाकते. धुळ्याहून नुकत्याच आलेल्या एका नाजूक बाहुलीला. कॉलेजची पायरी चढलेल्या, पदराच्या टोकाला अत्तराचा बोळा बांधणाऱ्या, आणि आपल्या नाकाएवढे सुसंस्कृत नाक साऱ्या खानदेशात नाही अशी खात्री असलेल्या एका अतिशहाण्या पोरीला. आज ती मला भेटली तर मी तिच्या हाती एक साल देईन आणि गंमत बघत बसेन. तिने काय करावे? तिने चुलीपाशी उभे राहून सासूला जंतूंवर व्याख्यान दिले. लाळेतून काय काय पसरते, याची शुद्ध पुस्तकी मराठीत, हातवाऱ्यांसकट यादी म्हटली. अक्कांनी ती शांतपणे ऐकून घेतली आणि विळीवरून मान न उचलता विचारले, “जंतू बी आपलाच घरना शेतस ना व?”

मी पदराचा बोळा नाकाशी धरून ओसरीवर निघून आले.

मग तो विधी सुरू होई. दातांची ओळ विळीवर तासली जाई, हिरवे कवच सोलले जाई, आणि उरलेल्या फिक्या, निर्जीव फोडींना अक्का बाभळीच्या काट्याने टोचत बसत. टच, टच, टच, त्या आवाजाने दुपार भोके पडल्यासारखी होई. निवळीत रात्रभर बुडून फोडी ताठ होत, बुडालेल्या माणसाच्या बोटांसारख्या सुरकुतत, आणि सकाळी गुळाच्या पाकात पडल्या की गडद, पारदर्शक, बुळबुळीत होऊन एकमेकींना बिलगत. पाकाला कढ आला की तो घशात कफ अडकल्यासारखा बोले. अंगणातल्या गांधीलमाश्या दारात गर्दी करीत. आणि त्या साऱ्या चिकट नरकाच्या मध्यभागी अक्कांचा चेहरा मात्र असा निवांत, जसे कुणी नदीकाठी पाय सोडून बसावे. “टरबूजना जीव सालमा ऱ्हास,” त्या म्हणत, “लालमा नुसतं पानी शे.”

जेवताना ताटाच्या कडेला ती एक फोड येई. मी तिच्याकडे न बघता जेवे. मग ती पोळीच्या घडीत लपवून गोठ्यात नेई आणि तांबड्या गायीपुढे ठेवी. तांबडी हुंगून मान फिरवी. आम्हा दोघींचे या एका बाबतीत संपूर्ण एकमत होते. आपली ही चतुराई कुणाच्या ध्यानात आलेली नाही, अशा समाधानात मी कित्येक उन्हाळे काढले, आणि एके दिवशी अक्का जाता जाता म्हणाल्या, “तांबडीले गोड सोसत नही व. तिले देऊ नको.” ताटातली फोड मात्र दुसऱ्या दिवशीही आली. त्यांनी कधी आग्रह केला नाही, कधी वाढायचे सोडले नाही. मी कधी खाल्ली नाही, कधी नको म्हटले नाही. आमचा संसार असा त्या एका फोडीवर तोलून राहिला.

नाना गेले त्या उन्हाळ्यातही घरात टरबुजे आली. सगळे खाऊन उठल्यावर अक्का घमेल्यापाशी बसल्या आणि साली उजेडाकडे धरू लागल्या. एक, मग दुसरी, मग तळातली, मग पुन्हा वरची. मला वाटले, म्हातारीला साली पुरेनात. किती हा हावरटपणा, असे मनात म्हणत मी पदराचा बोळा नाकाशी नेला. उंचवटा असलेली साल त्या ढिगात नव्हती, एवढे कळायला अत्तराचे नाक उपयोगाचे नसते.

गेल्या पावसाळ्यात अक्काही गेल्या. अन्न जाईनासे झाले तेव्हाही बोटभर मुरांबा त्यांच्या जिभेवर विरघळे. आधी बरणी संपली आणि मग त्या. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, आमच्याकडे गेलेल्यांच्या नावाने पाण्याची घागर भरतात आणि निखाऱ्यांवर तूप सोडून घास टाकतात, ती आगारी. गेलेल्याचे आवडते त्या आगारीत पडले नाही तर माणूस तिकडे वर्षभर उपाशी, असे म्हणतात. अक्कांची ही पहिली आखाजी. मुरांबा करणारे घरात दुसरे कुणी नव्हते. म्हणजे दैवाने त्या बाहुलीला अखेर विळीवर बसवलेच.

चाळीसगावच्या बाजारात मी जाड सालीचे टरबूज मागितले तर फळवाला हसायला लागला. “आजी, लोक पातळ सालीचं मागतात, तुमचं उलटंच!” हल्लीची टरबुजे काळी, तुकतुकीत, कागदी कातड्याची, आत सगळा लाल डामडौल. ढीगभर फळे कापली तेव्हा कुठे वाटीभर पांढरे निघाले. नैवेद्याचे म्हणून कुणाला दात लावू दिला नाही. अक्कांचा मुरांबा, आणि तो पहिल्यांदाच सोवळा! चुना, काटा, गूळ. तोच वास, तीच चिलटे. नात ईश्वरीने पातेल्यात डोकावून नाक दाबले. “ई, आजी, हे मेलेल्या पालीसारखं दिसतंय!” मला इतका आनंद झाला म्हणून सांगू! आपले नाक पुढच्या पिढीत उतरलेले बघून कुणाला होणार नाही?

नैवेद्य चाखता येत नाही, म्हणून मी चाखला नाही. माझ्या मुलाने घास निखाऱ्यावर सोडला. गूळ चरचरला, धूर उठला, आणि माझा हात सवयीने पदराच्या टोकाकडे गेला. मग सगळे जेवायला बसल्यावर मी उभ्या जन्मात पहिल्यांदा ती फोड तोंडात घातली.

किळसवाणी होती. बाहेरून बुळबुळीत, आतून दोरखंडासारखी, चुन्याने जीभ चरचरवणारी. क्षणभर मी विजयाने ताठ झाले. उभा जन्म माझेच खरे होते! आणि मान वळवली तर हे ज्यांना ऐकवायचे त्या अक्का पाटावर नव्हत्या. मग दुसरी शंका आली, ती अजून गेलेली नाही: मुरांबाच असा असतो, की माझ्याच हातून असा झाला? ते सांगू शकणारी एकच जीभ होती. तिच्यासाठीचा घास केव्हाच राख झाला होता; आणि काळाने माझ्या हाती ठेवली ती ताटाच्या कडेला रोज येणारी, रोज न चाखलेली एक फोड, जिची चव आता कुठल्याही उन्हाळ्यात पिकत नाही.