लांब पायांची मगर

अगं रम्या, तू फक्त ऐक, मधे बोलू नकोस. इथे बंगळूरला, पीण्या भागात मी ज्या वर्कशॉपमध्ये लागलेय ना, हयवदन अण्णांच्या, फायबरचे प्राणी करतात ते? तिथे मला पहिल्यांदा स्वतःचं डिझाईन करायला मिळालं. सर्जापूर रोडच्या एका सोसायटीला मुलांच्या बागेत मगरीचा इतिहास हवा होता. तीन पुतळे. एक आजची मगर, एक मधल्या काळात समुद्रात गेलेली, पायांची वल्ही झालेली, आणि एक सगळ्यात जुनी.

ही जुनी म्हणजे माझा जीव. वीस कोटी वर्षांच्याही आधीची, कुत्र्याएवढी, सडपातळ, आणि पाय लांब, सरळ अंगाखाली. सरपटायचं नावच नाही. कोरड्या जमिनीवर पळायची गं, किडे नि सरडे पकडत. पाण्यात दबा धरून बसणं वगैरे सगळं नंतरचं.

तर मी फोटो पाठवला, आणि सोसायटीच्या प्रेसिडेंटचा, प्रतापरावांचा, लगेच फोन. म्हणे हा कुत्रा आहे, पाय अर्धे कापा आणि पोटावर बसवा. मी समजावलं, हाडांची चित्रं पाठवली. त्यांचं एकच, मगर कोट्यवधी वर्षं जशीच्या तशी आहे, लहानपणापासून ऐकतोय. आणि आमचे अण्णा, गिऱ्हाइकापुढे कायम सरी सरी, म्हणजे आपलं बरं बरं. गुडघ्यांवर खडूनं रेघा मारल्या, ग्राइंडर काढून ठेवला आणि जेवायला गेले.

आता आमच्याकडची एक पद्धत आहे. अण्णांच्या घरात पूर्वी देवळातल्या रथांचे प्राणी करायचे, त्यामुळे डोळे सगळ्यात शेवटी रंगवायचे, आणि एकदा डोळे उघडले की त्या अंगाला हत्यार लावायचं नाही. देवाचं सोड, बागेतल्या बदकालाही हाच नियम. आमच्याकडे एक पेंग्विन वाकड्या चोचीचा तसाच पडून आहे, कुणीतरी घाईनं डोळे आधी रंगवले म्हणून.

मी ब्रश उचलला. आधी पिवळा, मग उभी काळी बाहुली.

अण्णा आले, बघितलं, आणि ग्राइंडरची वायर गुंडाळून ठेवली. ओरडले असते तर बरं झालं असतं.

"डोळे तू उघडलेस, रक्षिता. आता हिला जागा तू मिळवून द्यायची. नाही मिळाली तर डिझाईन बंद, तू फक्त पॉलिश करायचं."

मी म्हटलं सरी.

दुसऱ्या दिवशी टेम्पोत तिन्ही घालून मी स्वतः गेले. बागेत पोरं गोळा झाली. एकीनं विचारलं, तोंड मगरीचं आणि पाय असे का? मी सांगितलं, तर सगळी तिच्यासारखी पळून दाखवायला लागली, गुडघे उचलून. प्रतापराव बघत होते. स्वल्प हसलेही. मला वाटलं, झालं काम.

मग म्हणाले, "छान आहे, बेटा. ठेवतो आम्ही. पण डॉग पार्कच्या दारात. पाटीवर मगर लिहायचं नाही, लोक हसतील."

म्हणजे बघ, जागा मिळत होती. अण्णांची अट पुरी होत होती. माझं डिझाईनचं टेबल शाबूत.

मी म्हटलं, "काका, मगर म्हणून ठेवणार असाल तरच उतरवते."

त्यांना वाटलं मी गंमत करतेय. मग म्हणाले, मग घेऊन जा.

घेऊन आले. दोन उतरवल्या, एक परत. अण्णांना सगळं सांगितलं, त्या पाटीसकट. त्यांनी फक्त विचारलं, टेम्पोत पायाला कुठे लागलं नाही ना? मग दोघा पोरांना हाक मारून तिला वर्कशॉपच्या गेटबाहेर रस्त्याकडे तोंड करून उभं केलं. ट्रकवाले थांबून विचारतात हे काय, की अण्णा आतूनच सांगतात, "मोसळे." मोसळे म्हणजे मगर. बस, आणखी काही नाही.

माझ्या डिझाईनबद्दल मात्र अजून अवाक्षर नाही. आज सकाळपासून मी पॉलिश पेपरच घासतेय, ही बघ बोटं. आणि तरी मला अजिबात वाईट वाटत नाहीये.

हं, आता बोल. नुसती एक पाटी बदलायची होती. माझ्या जागी तू असतीस तर काय केलं असतंस?