मिटल्या ओठांचं नाव

सुमानीराजाला भर दुपारी त्याच्याच अंगणात कोयत्यांनी तोडलं. पुढे त्याचा सख्खा पुतण्या बुकारी, मागे मोटरसायकलींवरून आलेली त्याची माणसं. पेटलेल्या छपरांचं गवत वाऱ्यावर उडत होतं आणि गिनीकोंबड्या जळत्या पिसांनी त्याखालून पळत होत्या. ऊन कलायच्या आत बुकारी सिंहाच्या कातड्यावर जाऊन बसला.

पण नुसतं कातड्यावर बसून आमच्याकडे कुणी राजा होत नाही. ढोलक्याने भर चौकात बोलत्या ढोलातून आजे-पणज्यांची नावं त्याच्यावर वाजवावी लागतात. आणि आमच्या गावात ढोलक्या एकच, म्हातारा नेइंदू.

बुकारीने त्याला चघळायला मानाचे कोलाचे दाणे पाठवले. नेइंदूने ते तसेच परत केले. सकाळी बुकारी स्वतः दारात उभा राहिला.

"काका, कोला कडू निघाले का?"

"कोला चांगले आहेत रे. मेंढा कुठाय?"

खून झालेल्या राजाच्या मागून नावं घ्यायची, तर ज्याने मारलं त्याने आधी मेंढा कापून जमिनीला रक्त पाजायचं, म्हणजे खून कबूल करायचा. नाहीतर ती नावं ढोलक्यालाच खातात.

"मेंढा कशाला?" बुकारी हसला. "चुलता तापाने गेला."

"ताप कोयता घेऊन आला होता होय?"

दारामागे नेइंदूची लेक सानातू उभी होती. तिला हसू फुटलं. बुकारीने ते ऐकलं आणि त्याचा चेहरा बदलला.

"रक्तच पाहिजे ना तुला? घे."

त्याच्या दोन माणसांनी म्हाताऱ्याला उखळाशी दाबून धरलं. बुकारीने त्याचे ओठ कापले, आधी वरचा, मग खालचा. शेंग सोलावी इतक्या सहज.

"आता चुलत्याचं नाव घेऊन दाखव. ढोल काय, हातांनी वाजतो. हात ठेवलेत मी तुझे. उद्या चौकात ये, नाहीतर पोरीलाही हसायला ओठ उरणार नाहीत."

सुमानीला सगळे ङ्मानी म्हणत. ङ्मानी म्हणजे भोपळ्याचा तुंबा. दारी कुणीही आलं की आपल्या तुंब्यातलं पिठाचं पाणी आधी त्याला देणारा तो राजा होता. ते नाव मिटल्या ओठांनीच सुरू होतं. पुढे ओठांचं दार बंद, मागे जीभ टाळूला लागून आतलं दारही बंद, दोन्ही एकाच वेळी, आणि आवाज नाकातून घुमत येतो. आमच्या बोलीत 'मारणं' हा शब्द याच आवाजाने सुरू होतो, 'कापणं'ही.

सानातूने जखमेवर शिया झाडाच्या बियांचं लोणी लावलं. लावता लावता ती गुणगुणत होती.

*काय शिवू, कशानं शिवू, बाबा, सुई माझी बोथट,*
*बारा राजे बोलले ज्यातून, त्याची झाली वाताहत.*

नेइंदूने उखळाकडे बोट दाखवलं. तिथे त्याचं रक्त मातीत मुरून काळं पडलं होतं. मग त्याने खुंटीवरचा ढोल काढला आणि काखेत घेतला. सानातू समजली. जमिनीला रक्त मिळालं होतं.

दुसऱ्या दिवशी, शुक्रवारी, चौक भरला. कोयतेवाले कडेने उभे होते. नेइंदू काखेतला ढोल दाबत, सैल सोडत वाजवू लागला. ढोल चढ्या-उतरत्या आवाजात एकेक पूर्वज बोलावू लागला आणि बुकारी कातड्यावर फुगत गेला. शेवटी त्याचं नवं नाव यायचं होतं. नेइंदूने वाकडी टिपरी उचलली आणि वाजवलं: ङ्मानी. पुन्हा ङ्मानी.

सानातूने ओठ मिटले आणि नावाचा पहिला आवाज नाकातून सोडला. तो तिने तिथेच धरून ठेवला, ओठ उघडलेच नाहीत. शेजारच्या बाईने तो उचलला, मग मागच्या म्हाताऱ्यांनी. बघता बघता सगळा चौक मधमाश्यांच्या पोळ्यासारखा घुमायला लागला.

"कोण बोलतंय?" बुकारी ओरडला. "कापा त्याचं तोंड!"

माणसं गर्दीत घुसली. प्रत्येक तोंड बंद होतं. त्यांनी एका बाईचे केस धरून तिला आपटलं, तिच्या नाकातून रक्त आलं आणि रक्ताबरोबर तोच आवाज. एका कुंभाराचा खांदा कोयत्याने उघडला. तो गुडघ्यांवर बसला, पण घुमत राहिला. बुकारीने झेप घेऊन ढोल फाडला, नेइंदूला लाथेने लोळवलं, दांडक्याने बडवलं. नेइंदूने मातीत पडल्या पडल्या हात तोंडाशी नेला. बोटांच्या चिमटीत ओठांच्या उरलेल्या चिंध्या एकत्र दाबल्या. त्याच्याही नाकातून आवाज निघाला, ओला, फाटका.

बुकारीने कान झाकले. "बास! बास करा!"

कुणी थांबेना.

"मेंढा आणा!" तो किंचाळला. "अरे, द्या त्याला मेंढा! द्या चुलत्याचा मेंढा!"

घुमणं एका क्षणात थांबलं. त्याच्या माणसांचे कोयते खाली झुकले. आपण काय बोलून गेलो, ते बुकारीला सगळ्यात शेवटी कळलं.

मग सगळ्या चौकाने एकदम ओठ उघडले आणि उरलेलं नाव बाहेर सोडलं.