सहाव्या गल्लीची कॅसेट

मोना झोपली की दीक्षा दोन गोष्टी करी. आधी पोरीच्या नाकाखाली बोट धरून श्वास चाललाय ना ते बघी, आणि मग बाहेरच्या खोलीच्या दाराशी येऊन नवऱ्याची पाठ बघी. नागसेन गिटार घेऊन बसलेला असला की त्याचे खांदे सैल सुटलेले असत. नुसताच बसलेला असला की ते कानाशी चढत. एकोणीसशे नव्व्याण्णव साली कॅसेट निघाली, तेव्हापासून पोरीच्या श्वासापेक्षा तिची नजर त्या खांद्यांवरच जास्त असे.

बँडचं नाव ‘सहावी गल्ली’. राजारामपुरीत सहाव्या गल्लीच्या तोंडाला एका चहाच्या गाड्यावर तिघं जमायचे, तेवढ्यावरून पडलेलं. नागसेन गाणी लिहायचा आणि म्हणायचा, अमरसिंह कीबोर्डवर, संग्राम ड्रमवर. सराव पन्हाळा रोडला, संग्रामच्या गोठ्याशेजारच्या खोलीत. ह्यांनी वाजवायला घेतलं की म्हशी दूध चोरतात, पान्हा सोडत नाहीत, अशी संग्रामच्या आईची कायमची तक्रार.

“आई, म्हशींना तरी कळतंय की गाणं,” संग्राम म्हणायचा.

“कळतंय म्हणूनच चोरत्यात,” आई म्हणायची.

नागसेन शिरोली एमआयडीसीत एका फौंड्रीत सुपरवायझर होता. गाणी सगळी तिथलीच. वाळूचे साचे, लोखंडाचा रस ओतताना माणसांच्या तोंडावर पडणारा उजेड, पाळी सुटल्यावर सायकलींची रांग. अशी गाणी मराठीत कुणी ड्रम-गिटारवर म्हटलेली दीक्षाने तरी ऐकली नव्हती. कॉलेजात असताना गॅदरिंगला त्याचं पहिलं गाणं ऐकूनच ती त्याच्याशी बोलायला गेली होती. तेव्हापासून घरात तो ‘नागसेन’ आणि सासऱ्यांसमोर ‘अहो’. आपण ह्या माणसाशी लग्न केलं की त्याच्या गाण्याशी, हे तिला कधी वेगळं करता आलं नाही. म्हणून तो जेव्हा म्हणाला, “ही कॅसेट चालली तर दुसरी. नाही चालली तर गिटार बंद,” तेव्हा तिने हातातलं काम थांबवलं. नागसेन बोलला की करायचा.

कॅसेटचं नाव ‘चिमणीखाली’, म्हणजे फौंड्रीच्या धुराड्याखाली. पहिल्या गाण्याची सुरुवात त्याच्या मनात वर्षभर होती. डब्याच्या पिशवीतून त्याने फौंड्रीत टेपरेकॉर्डर नेला आणि ग्राइंडिंगची घरघर, हातोड्यांचे ठोके, भट्टीचा फुत्कार असं सगळं भरून आणलं. ते तसंच कॅसेटच्या तोंडाला लावलं. चांगली दोन मिनिटं नुसती घरघर, मग तिच्यातूनच हळूहळू ठेका उगवायचा आणि नागसेनचा आवाज वर यायचा. घरी पहिल्यांदा लावली तेव्हा मोना दचकून रडायला लागली.

“नागसेन, एवढा वेळ नको,” पोरीला खांद्यावर घेत दीक्षा म्हणाली. “लोकांना वाटेल टेप बिघडलाय.”

“ज्याला ऐकायचंय तो थांबतो गं.”

त्याचा चेहरा असा उजळला होता की ती मोनाला थोपटत आत निघून गेली.

प्रकाशनाला ओळखीचीच माणसं होती. टाळ्या पडल्या, पेढे वाटले. दुसऱ्या दिवशी तिघांनी कॅसेटचे खोके गुंडूशेठच्या दुकानात नेऊन ठेवले. राजारामपुरीत कॅसेट घ्यायची तर गुंडूशेठकडे. आणि त्याच्याकडे रीत अशी, की गिऱ्हाईक कॅसेट उचलायचं, गुंडूशेठ ती मशिनीत घालून सुरुवातीचा अर्धा मिनिट ऐकवायचा, गिऱ्हाइकाने मान हलवली की पिशवीत. अर्ध्या मिनिटावर त्याने कुणाला कधी काही ऐकवलं नव्हतं. ही रीत तिघांनाही लहानपणापासून ठाऊक होती. तिथूनच तर त्यांनी आपापल्या कॅसेट घेतल्या होत्या. तरी एकाच्याही डोक्यात आलं नाही.

आठवड्याने दीक्षा मोनाला डोस द्यायला दवाखान्यात गेली होती, परत येताना मुद्दाम दुकानावरून आली. एक कॉलेजचा मुलगा काउंटरशी उभा होता. कव्हरावरचं चिमणीचं चित्र त्याला आवडलेलं दिसत होतं. गुंडूशेठने कॅसेट लावली. घर्र. घर्र. मुलाने गुंडूशेठकडे बघितलं, गुंडूशेठने मशिनीकडे. हेड पुसून परत लावली. घर्र.

“खराब पीस हाय,” गुंडूशेठ म्हणाला. “दुसरा बघूया.”

दुसराही तसाच. तिसराही. मुलगा गेला. दीक्षाने पुढे होऊन सांगितलं, “शेठ, ते तसंच आहे. पुढं गाणं आहे.”

“वैनी, पुढं असंल की. पन गिऱ्हाईक मागं फिरलं न्हवं?”

एका पेपरात चार ओळी छापून आल्या. तरुणांचा प्रयत्न स्तुत्य, मात्र ध्वनिमुद्रण सदोष. लिहिणाऱ्याने किती ऐकलं होतं ते त्यावरून कळतच होतं. नागसेनने पेपर नीट घडी घालून ठेवला, फाडला नाही. फाडला असता तर दीक्षाला बरं वाटलं असतं.

मग त्याने शेवटची आशा फौंड्रीतल्या माणसांवर ठेवली. ही गाणी त्यांचीच होती. जेवणाच्या सुट्टीत त्याने कँटीनमध्ये टेप लावला. घरी येऊन त्याने दीक्षाला सगळं सांगितलं, कुणी काय म्हटलं ते त्यांच्याच आवाजात, हसत हसत. मोल्डिंगचा बाळासो डबा खाता खाता म्हणाला होता, “सायेब, जेवताना तरी मशीन बंद करा की.” सगळे हसले. नागसेनही हसला. एकजण म्हणाला, लावणी हाय का एखादी? सगळे हात धुवायला उठले तेव्हा पहिलं गाणं अर्ध्यावर होतं.

“वाईट वाटून घेऊ नकोस,” दीक्षा म्हणाली.

“वाईट कशाचं? खरंच तर बोलले.”

राहिले त्याचे वडील. दादासोंनी सगळी उमर फौंड्रीत काढली होती, आता कानाने कमी ऐकायला यायचं. कॅसेटवर ‘दादांना’ असं छापलेलं होतं, पण ते अजून त्यांना कुणी वाचून दाखवलं नव्हतं. रविवारी नागसेनने टेप त्यांच्यासमोर ठेवला, आवाज पूर्ण मोठा केला. म्हाताऱ्याने कान अगदी स्पीकरला लावला. घरघर सुरू झाली तसे त्यांचे डोळे मिटले. दीक्षा मोनाला मांडीवर घेऊन त्यांच्याकडे बघत राहिली. नागसेनचा आवाज सुरू व्हायच्या आधीच दादासोंनी हात पुढे करून टेप बंद केला.

“ह्यो आवाज माझ्या कानात झोपताना बी चालू असतोय, पोरा,” ते म्हणाले. रागाने नाही, समजावल्यासारखं. “निवृत्त झालो तरी थांबंना. तू आनी परत घरात आनलास व्हय?”

“तसं न्हाय दादा. पुढं ऐका की.”

“नगं बाबा. तुझ्या आवाजात एकांदं भीमगीत असंल तर लाव.”

त्यानंतर संग्राम डेअरीत बसू लागला. अमरसिंहला पुण्यात नोकरी लागली, तो जाताना कीबोर्ड विकून गेला. गुंडूशेठचा निरोप आला, खोके अडचण करतात, घेऊन जावा. नागसेन गेला तेव्हा गुंडूशेठ मनापासून म्हणाला, “कॅसेटमधली पट्टी लई चांगल्या प्रतीची वापरलाय. वाया कशाला घालवताय? माझ्याकडं कॅसेट भरून मागणारी रांग हाय. तुमच्याकडं डबल डेक हाय न्हवं? घरी बसून भरा, मी घेतो.”

दीक्षाला वाटलं, तो नाही म्हणेल. तो हो म्हणून आला.

छापील कॅसेटच्या पाठीवर दोन बारीक खाचा असतात. त्या उघड्या असल्या की तिच्यावर दुसरं काही भरता येत नाही. नागसेन रोज कामावरून आला की पाय धुऊन बसायचा आणि त्या खाचांवर चिकटपट्टीचे तुकडे लावायचा. मग कॅसेट डेकमध्ये. एकीकडे गिऱ्हाइकाने मागितलेली गाणी वाजायची, दुसरीकडे ‘चिमणीखाली’ त्यांच्याखाली जायची. हळदीची गाणी, भजनं, भीमगीतं, ऑर्केस्ट्राची गाणी. पुसायलाही तेवढाच वेळ लागायचा जेवढा ऐकायला लागला असता. गिटार त्याने खोळीत घालून कपाटावर ठेवली होती. दीक्षा भाकरी थापता थापता वळून बघायची. खांदे वर नव्हते, खालीही नव्हते. नुसते होते.

एकदा त्याला दादासोंना डॉक्टरकडे न्यायचं होतं. “ही भरून होईस्तोवर बस,” तो म्हणाला. “रतीबाच्या बयाबाईंची आहे. नातीच्या बारशासाठी पाळणे. पाळणे संपले तरी बंद करू नकोस, पट्टी संपेपर्यंत चालू दे. नाहीतर खालचं आपलं गाणं राहतं.”

कॅसेटची ती दुसरी बाजू होती. ‘चिमणीखाली’त तिच्या शेवटी एक साधंसं गाणं होतं, ना घरघर, ना ड्रम. मोना झाली त्या आठवड्यात नागसेनने दवाखान्याच्या जिन्यावर बसून जुळवलेलं. तिथपर्यंत कुणीच पोचलं नव्हतं. पाळणे संपले. डेकवरचा भरायचा दिवा लाल जळत होता. दीक्षाने मोनाकडे बघितलं, दाराकडे बघितलं आणि बटण दाबून डेक थांबवला.

बारसं झाल्यावर बयाबाई कॅसेट घेऊन दारात हजर. गल्लीत दुधाचा रतीब त्यांचाच, त्यामुळे बोलणं रोखठोक.

“नागसेन, पाळणं झ्याक भरलंस. पन शेवटाला कोन बाप्या गुनगुनतोय?”

नागसेनची मान वर झाली.

“पोर उठली का त्यानं?” दीक्षाने घाईघाईने विचारलं.

“उठली कशाला, झोपली की. आवाज वाईट न्हाय.” बयाबाईंनी कॅसेट पुढे केली. “पन पाळण्यात बाप्याचं काय काम? सून हसत्या. तेवढं काढून दे.”

“देतो,” नागसेन म्हणाला. “बसा.”

त्याने खाचांवरची चिकटपट्टी बोटाने दाबून बघितली, कॅसेट आत घातली आणि पाळण्याच्या शेवटाशी आणली. मग दीक्षाकडे न बघता हळूच म्हणाला, “तू ठेवलंस?”

“हो.”

“कशाला?”

“कुणीतरी ऐकावं म्हणून.” तिने मोनाला उचलून घेतलं. “ती पोर झोपली, नागसेन. ऐकलंस ना? राहू दे तेवढं. मी त्यांना दुसरी भरून देते.”

“ऐकलं की,” तो म्हणाला. “आणि परत आणून दिलं.”

त्याने भरायची दोन्ही बटणं एकदम दाबली. लाल दिवा लागला. डेकच्या दुसऱ्या कप्प्यात काहीच वाजत नव्हतं. आवाजाचा काटा तळाशी पडून राहिला, पट्टी गाणं पुसत फिरत राहिली. बयाबाई दारात बसून पदराने वारा घेत होत्या. माईक जोडलेला नव्हता, खोलीतला कुठलाच आवाज आत जाणार नव्हता, हे दीक्षाला चांगलं माहीत होतं. तरी पट्टी संपून बटण आपसूक वर येईपर्यंत ती मोनाला छातीशी धरून तोंड मिटून उभी राहिली.