काजळीभोवतीचं कुंपण

टेकडीच्या खडकाळ उतारावर काजळी उगवायची. गुडघ्याएवढं खरबरीत पानांचं झुडूप. फळ चिरडलं की बोटं काळी होत, म्हणून हे नाव. ते जगात दुसरीकडे कुठेच उरलेलं नाही, असं मोठ्या साहेबांनी सांगितलं आणि उतार राखायचं काम वनरक्षकाच्या गळ्यात पडलं. पठ्ठ्या कामाला जुंपला की त्याला आजूबाजूचं काही दिसत नसे.

त्या उतारावर त्याच्या मावशीच्या शेळ्या चरत. आई गेल्यावर याच मावशीने त्याला लहानाचं मोठं केलं होतं.

"मावशी, उद्यापासून शेळ्या तिकडे न्यायच्या नाहीत," तो म्हणाला.

"मग कुठे नेऊ? तुझ्या ऑफिसात?"

"थट्टा नको. त्या काजळी ओरबाडतात. मी गप्प बसलो तर लोक म्हणतील, घरच्यांना मोकळं रान दिलंय."

मावशीने पुढे वाद घातला नाही. उताराला तारेचं कुंपण लागलं. दुसरीकडे धड चराई नव्हती, तेव्हा तिने एकेक करत शेळ्या विकून टाकल्या. "बरं झालं, गोठा झाडायचा त्रास गेला," एवढंच म्हणाली. त्याने ते खरं मानलं.

पहिल्या वर्षी काजळी अशी काही फोफावली की साहेबांनी त्याची पाठ थोपटली. मग गवत वाढलं, कमरेपर्यंत आलं. हिरवागार उतार बघून तो खूश होता. पण जुनी झुडपं वाळू लागली आणि त्यांच्या जागी नवी काही येईनात. पाऊस कमी पडला, कीड लागली, अशी तो मनाची समजूत घालत राहिला.

एकदा कुंपणाबाहेरच्या वाटेवरून शेजाऱ्याच्या शेळ्या गेल्या. त्यांच्या मागून चालताना त्याला खुरांनी उकरलेल्या मातीत काजळीची चिमुकली रोपं दिसली. तो तसाच आत धावला, गवत बाजूला सारलं. खाली वाळल्या गवताचा जाड थर. त्यातून एक बी रुजलं असेल तर शपथ. शेळ्या गवत खात होत्या, म्हणून काजळीला माती मिळत होती.

त्याने हे साहेबांना सांगितलं. "कुंपण मीच मंजूर केलं रे," ते म्हणाले. "काढून टाक."

तो मावशीकडे गेला, एक करडू काखेत घेऊन.

"चुकलं माझं," त्याने सगळं सांगून म्हटलं. "तू पुन्हा शेळ्या पाळ."

"मला तरी कुठे ठाऊक होतं? मलाही वाटायचं, नासधूसच करतात मेल्या." मावशीने करडाच्या पाठीवरून हात फिरवला. "पण तू सांगायला आला होतास, विचारायला नाही. दोघांनी बसून विचार केला असता, तर काही सुचलंही असतं."

त्याने करडू तिच्यापुढे धरलं.

"घेऊन जा याला. आता गुडघे साथ देत नाहीत, आणि सवयही गेली."

शेजाऱ्याच्या शेळ्या उतारावर चरू लागल्या. गवत हटलं. तोवर बहुतेक जुनी झुडपं वाळून गेली होती. उरलेल्यांच्या पायाशी थोडी रोपं आली, ती जगतील की नाही हे कुणी सांगू शकत नव्हतं. करडू त्याने शेजाऱ्याला देऊन टाकलं. मावशीच्या दारातून निघाल्यापासून ते सारखं ओरडत होतं, आणि त्याला गप्प कसं करायचं हे वनरक्षकाला माहीत नव्हतं.